कोण कोणाचे? परजीवी कृमींच्या वर्गीकरणाचा आढावा

दरवर्षी फेब्रुवारीत, आणि बहुतेक ठिकाणी पुन्हा ऑगस्टमध्ये, शाळा-अंगणवाड्यांत मुलांना अल्बेंडाझोलची गोळी चघळायला देतात. २०१५ पासून चालू असलेला हा राष्ट्रीय जंतनाशक दिन. गोळी एक, शत्रू तीन: गोल जंत, चाबूककृमी आणि अंकुशकृमी. आरोग्यखाते या तिघांना ‘मातीतून पसरणारे कृमी’ म्हणून एकत्र मोजते. प्रतिबंधाच्या दृष्टीने ते बरोबरच आहे, कारण तिघांचाही रस्ता उघड्यावरच्या शौचातून आणि मातीतून जातो. वंशावळ काढायला बसले की मात्र हे तिघे तीन वेगळ्या शाखांत पडतात. त्यांच्या पूर्वजांनी दुसऱ्याच्या शरीरात राहण्याचा धंदा स्वतंत्रपणे, वेगवेगळ्या काळात सुरू केला. आणि डुकराच्या मांसातून येणारा पट्टकृमी तर या तिघांपासून इतका लांब आहे, की त्याला गांडूळ आणि गोगलगाय जवळची आणि गोल जंताला झुरळ जवळचे.

मग ‘कृमी’ म्हणून ज्यांना आपण एका दमात मोजतो, ते कोणाचे कोण? अडीचशे वर्षांत या प्रश्नाची उत्तरे अनेकदा बदलली. आज स्थिती काय आहे, कशावर एकमत आहे आणि कुठे गाडे अडले आहे, हे या आढाव्यात पाहू. माझे मत आधीच सांगतो: वाद मिटलेला नाही, तो वरून खाली उतरला आहे. संघ आणि वर्ग या वरच्या पायऱ्यांवर आता बरीच शांतता आहे. गोंधळ आहे तो सर्वांत खालच्या पायरीवर, म्हणजे जातीच्या. आणि रुग्णाचा, शेळीपालकाचा, धोरण आखणाऱ्याचा संबंध येतो तो नेमका त्याच पायरीशी.

जागेवरून ओळख

कृमींची पहिली विभागणी सगळीकडे ते सापडतात त्या जागेवरून झाली. चरकसंहितेच्या विमानस्थानात २० कृमी सांगितले आहेत आणि त्यांचे गट उत्पत्तिस्थानावरून पाडले आहेत: मलज, शोणितज, श्लेष्मज आणि पुरीषज. मलज म्हणजे शरीराबाहेरच्या मळातून होणारे. त्यात उवाही आल्या. आजच्या वाचकाला उवा आणि जंत एका यादीत पाहून हसू येईल. पण वैद्याचा प्रश्न उपचाराचा होता, नात्याचा नव्हता, आणि त्या प्रश्नापुरती ही मांडणी सुसंगत आहे.

युरोपातही पुढे फार वेगळे घडले नाही. १७५८ मध्ये कार्ल लिनियसने आपल्या वर्गीकरणाच्या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तीत ‘व्हर्मीस’ नावाचा वर्ग केला. कीटक नाही, मासा नाही, पक्षी नाही, असे उरलेसुरले जवळजवळ सगळे प्राणी त्यात गेले. त्यातल्या ‘इंटेस्टिना’ या गटात जंत, यकृतातला पर्णकृमी, गांडूळ आणि जळू शेजारी शेजारी होते. लाकूड पोखरणारा टेरेडो हा शिंपल्याचा भाऊबंद आणि हॅगफिश हा चक्क पृष्ठवंशीय प्राणीही तिथेच. नारूला त्याने घोडकेसासारख्या पाणकृमींच्या गॉर्डियस प्रजातीत बसवले. पट्टकृमी मात्र या गटात नाही. तो प्रवाळासारख्या जीवांच्या रांगेत सापडतो.

ही अडगळ पहिल्यांदा नीट लावली ती कार्ल आस्मुंड रुडोल्फीने. १८०८ ते १८१० या काळात त्याचा मोठा लॅटिन ग्रंथ आला आणि १८१९ मध्ये सारांश. त्याने शरीररचना पाहून पाच गण केले: सूत्रासारखे, काटेरी डोक्याचे, चूषक असलेले, पट्टीसारखे आणि पाण्याच्या फुग्यासारखे. त्यांतले पहिले चार आजही नावानिशी ओळखता येतात. पाचवा, म्हणजे फुगाकृमींचा, पुढे पूर्ण नाहीसा झाला, आणि तो कसा नाहीसा झाला यातच या शास्त्राचे पहिले मोठे वळण आहे.

आयुष्यभराचा प्राणी

रुडोल्फीसह त्या काळातल्या बहुतेक जाणत्यांचे मत होते की आतड्यातले कृमी शरीरातच आपोआप उपजतात. कृमी मूळचे कुठून येतात या प्रश्नावर कोपनहेगनच्या विद्वत्सभेने बक्षीस लावले होते. ते जिंकणाऱ्या मार्कस ब्लॉखच्या १७८२ च्या प्रबंधातही कृमी जन्मजात असल्याचाच निष्कर्ष आहे. हा भाबडेपणा म्हणून सोडून देऊ नये. मातेच्या पोटातल्या गर्भातही कृमी सापडत, आणि बाहेर मातीत किंवा पाण्यात तसा प्राणी कुणाला दिसत नव्हता. पुरावा खरोखर त्यांच्या बाजूचा वाटत होता.

फ्रीडरिश क्युखेनमाइस्टरने १८५० च्या दशकात हा पेच फोडला. मृत्युदंड झालेल्या कैद्याला त्याने डुकराच्या मांसातले फुगाकृमी अन्नातून खाऊ घातले आणि मृत्युदंडानंतर त्याच्या आतड्यात कोवळे पट्टकृमी शोधून काढले. प्रयोगाच्या नीतीबद्दल तेव्हाही टीका झाली आणि ती योग्यच होती. निष्कर्ष मात्र टिकला: फुगाकृमी हा वेगळा प्राणीच नव्हे, ते पट्टकृमीचे बालपण. रुडोल्फीचा एक अख्खा गण अशा रीतीने दुसऱ्या गणाच्या पोटात गेला.

त्यानंतर वर्गीकरण करणाऱ्याला बरणीतला नमुना पुरेसा राहिला नाही. त्याला प्राण्याचे पूर्ण आयुष्य माहीत असावे लागले. पुढची पन्नास वर्षे याच शोधात गेली. आलेक्सेइ फेदचेंकोने १८७० मध्ये तुर्कस्तानात नारूची अळी सायक्लॉप्स या पाण्यातल्या सूक्ष्म जीवात वाढताना पाहिली. कलकत्त्यात टिमोथी लुइसने १८७२ मध्ये माणसाच्या रक्तात हत्तीरोगाच्या कृमीची सूक्ष्म पिल्ले दाखवली आणि पॅट्रिक मॅन्सनने १८७७ मध्ये चीनच्या किनाऱ्यावरील अमॉयमध्ये ती डासात वाढतात हे दाखवले. लाइपझिगला रुडॉल्फ लॉयकार्ट आणि इंग्लंडात अल्जर्नन थॉमस यांनी १८८० च्या सुमारास, एकमेकांच्या आगेमागे, मेंढीच्या यकृतातल्या पर्णकृमीचे गोगलगायीतले आयुष्य उलगडले. कैरोत आर्थर लूसच्या हातावर अंकुशकृमीच्या अळ्यांचे पाणी सांडले, तिथे खाज सुटली, आणि १८९८ मध्ये कळले की हा कृमी तोंडावाटेच नाही, तर अनवाणी पायाच्या कातडीतूनही शिरतो.

पर्णकृमीची गोष्ट जरा थांबून पाहावी. अंड्यातून बाहेर पडलेली केसाळ अळी गोगलगायीत शिरते. तिथे तिची जननपेशींनी भरलेली पिशवी होते, पिशवीत दुसऱ्या पिशव्या तयार होतात, आणि अखेर शेपटीवाल्या अळ्यांचा लोंढा बाहेर पडून पाणथळ गवतावर कोश करून बसतो. ते गवत मेंढीने खाल्ले की चक्र पूर्ण. एका अंड्यापासून अनेक प्राणी, आणि एका आयुष्यात एकमेकांशी काडीचेही साम्य नसलेली चार-पाच शरीरे. यातली प्रत्येक अवस्था कधी ना कधी स्वतंत्र प्राणी म्हणून नोंदली गेली होती.

भारतातले काम या काळात मुख्यतः याद्यांचे झाले, आणि ते कमी मोलाचे नाही. ‘फॉना ऑफ ब्रिटिश इंडिया’ या मालेत साउथवेल यांचे पट्टकृमींवरचे खंड १९३० मध्ये आणि बेलिस यांचे सूत्रकृमींवरचे खंड १९३६ व १९३९ मध्ये निघाले. मुक्तेश्वरच्या पशुवैद्यक संशोधन संस्थेतील जी. डी. भालेराव यांनी १९३५ मध्ये भारतातील पाळीव जनावरांच्या कृमींचा ग्रंथ सिद्ध केला. जीवनचक्राच्या ज्ञानाचा उपयोग तर आपल्याकडे थेट झाला. नारू माणसापर्यंत पोचतो तो सायक्लॉप्स असलेल्या पाण्यातून, एवढ्या एका माहितीवर पायऱ्यांच्या विहिरी बंद करणे, पाणी गाळणे आणि औषध टाकणे असा कार्यक्रम उभा राहिला. महाराष्ट्रासह ज्या राज्यांत नारू होता तिथे तो राबवला गेला. शेवटचा रुग्ण १९९६ मध्ये राजस्थानात नोंदला गेला आणि २००० मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने भारताला नारूमुक्त जाहीर केले. लस नाही, खात्रीचे औषध नाही, तरी रोग गेला.

वरच्या पायऱ्यांवरची शांतता

विसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत पाठ्यपुस्तकातला क्रम साधारण असा असे: चपटे कृमी खालच्या पायरीवर, गोलकृमी त्यांच्या वर, गांडुळे आणखी वर. शरीरात पोकळी आहे का आणि असल्यास कशी, यावर हा जिना उभा होता. १९९७ मध्ये आग्विनाल्डो आणि सहकाऱ्यांनी रायबोसोमच्या जनुकावरून सुचवले की गोलकृमी कीटकांच्या आणि खेकड्यांच्या बाजूला बसतात. दोघांतली समान खूण म्हणजे वाढताना कात टाकणे. जंत आयुष्यात चारदा कात टाकतो. चपटे कृमी गेले दुसऱ्या बाजूला, गांडुळे आणि गोगलगायींच्या पंगतीला. सुरुवातीला या मांडणीला कडवा विरोध झाला, पण पुढे शेकडो जनुकांच्या तुलनेने तिला बळ दिले आणि आज ती सर्वसाधारणपणे मान्य आहे.

काही पाहुण्यांची या काळात घरेच बदलली. काटेरी डोक्याचे कृमी रुडोल्फीपासून स्वतंत्र मानले जात. आता ते रोटिफर या सूक्ष्म पाणजीवांच्या कुळातले ठरले आहेत. ‘बडेनब्रोकिया’ नावाचा गोड्या पाण्यातल्या शेवाळप्राण्यांत राहणारा, वळवळणारा लांबट जीव १९१० मध्ये वर्णिला गेला आणि जवळजवळ शतकभर त्याचे काय करावे कळेना. २००७ मध्ये सिद्ध झाले की तो जेलीफिशच्या नातेवाइकांपैकी आहे. कृमीचे रूप हे नात्याचा पुरावा नाही, याला याहून ठसठशीत उदाहरण नाही. लांब, मऊ, बिनपायाचे शरीर अरुंद जागेत राहायला सोयीचे असते, म्हणून ते पुन्हा पुन्हा घडत राहिले.

एक पाहुणा अजून उंबऱ्यावर आहे. सापांच्या फुप्फुसात आणि कुत्र्याच्या नाकात राहणारे जिव्हाकृमी. १९७२ मध्ये विंगस्ट्रँडने शुक्राणूंच्या रचनेवरून आणि १९८९ मध्ये दुसऱ्या गटाने जनुकांवरून ते कवचधारी प्राण्यांतले, माशांवरच्या उवांचे भाऊबंद असल्याचे सांगितले. याउलट, कँब्रियन काळातल्या खडकांत त्यांच्यासारखे दिसणारे जीवाश्म सापडले आहेत. ते खरे असतील, तर हा वंश मासे येण्याआधीचा ठरतो आणि पहिली मांडणी डळमळते. रेणूशास्त्राचा कौल पहिल्या बाजूला आहे आणि मलाही तीच बाजू वजनदार वाटते. पण जीवाश्मांचे समाधानकारक स्पष्टीकरण अजून कुणी दिलेले नाही.

चपट्यांच्या घरातला पेच

चपट्या परजीवींचे तीन मोठे गट आहेत: पर्णकृमी, पट्टकृमी आणि माशांच्या कल्ल्यांना चिकटणारे, एकाच पोशिंद्यावर आयुष्य काढणारे एकपोशी कृमी. तिघांत एक विलक्षण गोष्ट समान आहे. अळी आपली केसाळ कातडी टाकून देते आणि खालून पेशींच्या भिंती नसलेले अखंड नवे आवरण वर येते. या आवरणातून पट्टकृमी अन्न शोषतो. त्याला तोंडही नाही आणि आतडेही नाही. हे आवरण इतके खास आहे की तिघांचा पूर्वज एकच होता, यावर आज वाद नाही.

वाद आहे तिघांच्या आपसातल्या नात्याबद्दल. रशियन शास्त्रज्ञ बिखोव्स्कीने १९३७ मध्ये मांडले की एकपोशी आणि पट्टकृमी हे सख्खे, कारण दोघांच्या अळीला मागच्या टोकाला आकड्यांचे अवयव असतात. पन्नास वर्षे हे मत प्रचलित होते आणि शरीररचनेच्या दृष्टीने ते आजही आकर्षक आहे. जनुकांनी मात्र पट्टकृमी आणि पर्णकृमी यांना जवळ आणले. २००७ मध्ये मायटोकाँड्रियाच्या संपूर्ण जनुकमालेवरून हेच निघाले आणि त्याबरोबर एक मोठा निष्कर्ष आला: दोन-तीन पोशिंद्यांतून फिरणारे गुंतागुंतीचे आयुष्य एकदाच उपजले असावे. नव्या विश्लेषणांत तर एकपोशी कृमींचा गटच एकसंध राहत नाही, त्याच्या दोन शाखा वेगवेगळ्या जागी जातात. यातून न सुटलेला प्रश्न फार जुना आहे. पर्णकृमीचा मूळ पोशिंदा कोण, गोगलगाय की मासा? गोगलगायीचा पक्ष धरणारे म्हणतात, जवळजवळ प्रत्येक पर्णकृमीला गोगलगाय किंवा शिंपला लागतोच, तेव्हा तोच आधीचा. माशाचा पक्ष धरणारे एकपोशी भावंडांकडे बोट दाखवतात: ती बहुतेक माशांवरच राहतात, तेव्हा गोगलगाय नंतर जोडली गेली. दोन्ही युक्तिवाद सुसंगत आहेत, आणि फांद्यांचा क्रम पक्का होईपर्यंत निवाडा होणार नाही.

गोलकृमी: एकदा नव्हे, अनेकदा

गोलकृमींत, म्हणजेच सूत्रकृमींत, परजीवी थोडे आणि मातीत, चिखलात, समुद्रतळाशी मुक्त राहणारे पुष्कळ. १९३० च्या दशकात चिटवुड यांनी शेपटीजवळच्या दोन सूक्ष्म संवेदी खड्ड्यांवरून त्यांचे दोन मोठे भाग केले. खड्डे असलेले आणि नसलेले. साठ वर्षे ही वाटणी चालली. १९९८ मध्ये मार्क ब्लॅक्स्टर आणि सहकाऱ्यांनी ५३ सूत्रकृमींच्या जनुकावरून पाच शाखा मांडल्या. चाबूककृमी पहिल्या शाखेत. गोल जंत, हत्तीरोगाचा कृमी आणि नारू तिसऱ्या. डाळिंबाच्या नि टोमॅटोच्या मुळांवर गाठी करणारा सूत्रकृमी चौथ्या शाखेत, माणसातल्या स्ट्रॉंगिलॉइडिस या कृमीशेजारी. आणि अंकुशकृमी पाचव्या शाखेत, प्रयोगशाळेतल्या सी. एलेगन्स या प्रसिद्ध सूत्रकृमीच्या जवळ. त्या लेखात प्राण्यांवरचे परजीवित्व निदान चारदा स्वतंत्रपणे उपजल्याचे म्हटले होते. २०१५ मध्ये ब्लॅक्स्टर यांनीच केलेल्या आढाव्यात, प्राणी आणि वनस्पती धरून, हा आकडा निदान १५ झाला.

इतक्या वेळा कसे? एक जुना तर्क असा, की मुक्त सूत्रकृमींत आधीपासूनच एक तयारी होती. अन्न संपले की सी. एलेगन्सची अळी खाणे बंद करून कात न टाकता, जाड कातडीत, महिनोन्महिने तग धरते. अंकुशकृमीची माणसाच्या पायात शिरणारी तिसरी अळी तशीच असते: न खाणारी, टिकाऊ, वाट पाहणारी. मार्ग तोच, फक्त जागे व्हायचा इशारा अन्नाऐवजी माणसाच्या शरीराचा. या तर्काला काही संप्रेरकांच्या पातळीवर दुजोरा मिळाला आहे, पण तो सगळ्या शाखांना लागू पडत नाही. चाबूककृमीची लागण अळीने नव्हे तर अंड्यातून होते, आणि पहिल्या शाखेत अशी थांबणारी अळी नाही.

वर्गीकरणाच्या पद्धतीही आता एक नाहीत. पाच शाखांच्या जोडीला २००६ पासून बारा शाखांची दुसरी आखणी वापरात आहे. दोन्हींतले आकडे एकमेकांशी जुळत नाहीत. विद्यार्थ्यांचा यात नाहक छळ होतो. नात्यांचा नकाशा मात्र उपयोगी ठरला आहे. हत्तीरोगाच्या कृमीच्या शरीरात व्होल्बाकिया हा जीवाणू राहतो आणि तो मेला की कृमीही वांझ होऊन मरतो, म्हणून डॉक्सिसायक्लीनसारखे जीवाणूनाशक तिथे चालते. त्याच घरातल्या आफ्रिकन लोआ लोआमध्ये हा जीवाणू नाही, आणि तिथे तो उपाय लागू पडत नाही.

जात म्हणजे काय?

आता खालची पायरी. गोल जंताला लिनियसने १७५८ मध्ये नाव दिले, डुकरातल्या जंताला ग्योट्सेने १७८२ मध्ये वेगळे. सूक्ष्मदर्शकाखाली दोघांत फरक सांगणे जवळजवळ अशक्य. एक आहेत की दोन?

दोन म्हणणाऱ्यांचा भक्कम आधार ग्वाटेमालातला. तिथे माणसे आणि डुकरे एकाच अंगणात राहतात, तरी १९९० च्या दशकातल्या जनुकीय तपासणीत माणसांचे जंत आणि डुकरांचे जंत वेगवेगळे राहिलेले दिसले. एक म्हणणाऱ्यांचा आधारही तितकाच ठोस. डेन्मार्क आणि उत्तर अमेरिकेत, जिथे माणसांत जंत जवळजवळ उरलेले नाहीत, तिथे अधूनमधून होणारी लागण डुकराच्याच जंताची असते. ग्वाटेमाला आणि चीनमध्ये संकरित जंतही मिळाले. जपानमध्ये कोइनोने १९२२ मध्ये स्वतः मानवी जंताची २,००० अंडी गिळली आणि भावाला डुकराच्या जंताची दिली. लागण दोघांना झाली. २०२० मध्ये केनियातल्या मानवी जंतांचे संपूर्ण जीनोम तपासले, तेव्हा त्यांत दोन्हींचे तुकडे मिसळलेले निघाले, आणि लेखकांनी ‘एकच संकुल’ असा शब्द सुचवला. मला वाटते, दोन्ही पक्ष खरे पाहत आहेत, फक्त वेगवेगळ्या गावांत. पण नियंत्रणाचा प्रश्न तसाच राहतो: माणसांना गोळ्या देऊन जंत संपवायचा, तर डुकरे मोजायची की नाही?

महाराष्ट्राचे स्वतःचे एक कोडे आहे. १९५२ मध्ये गाडगीळ आणि शहा यांनी रत्नागिरी जिल्ह्यातल्या गिमवी गावी लघवीतून रक्त जाणारे रुग्ण नोंदवले आणि शिस्टोसोमा हिमॅटोबियम हा आफ्रिकेत प्रसिद्ध असलेला रक्तकृमी भारतात आहे असे जाहीर केले. लघवीतली टोकाला काटा असलेली अंडी हा मुख्य आधार. आफ्रिकेत हा कृमी बुलिनस गोगलगायीत वाढतो. गिमवीत मध्यस्थ म्हणून फेरिसिया टेन्युइस हा टोपीच्या आकाराचा छोटा शंख पुढे आला. इथे दोन मते पडली. एका मताने हा खराखुरा स्थानिक केंद्रबिंदू होता आणि भारताने तो दुर्लक्षिला. दुसऱ्या मताने कृमी नेमका कोणता याची ओळखच पुरेशी पक्की नव्हती. भारतात जनावरांचे अनेक शिस्टोसोमा आहेत आणि त्यांपैकी एखादा माणसात आला असणे अशक्य नव्हते. अंड्यांवरून नाव देण्याची जोखीम आपल्याकडे आधीही दिसली होती. १९२६ मध्ये चँडलरने बंगालातल्या मानवी विष्ठेत सापडलेल्या निव्वळ अंड्यांवरून एक नवी जात वर्णिली. ती पुढे डुकरांची निघाली.

गिमवीकडे आता नव्याने पाहावेसे वाटते, ते कॉर्सिकामुळे. २०१३ नंतर त्या फ्रेंच बेटावर कावू नदीत पोहलेल्यांना मूत्रमार्गाचा शिस्टोसोमा झाला. जनुके तपासली तर ती हिमॅटोबियम आणि गुरांतला बोव्हिस यांची मिसळ. हा ताजा संकर आहे की जुन्या मिसळीचा वारसा, यावर तज्ज्ञांत मतभेद आहेत. पण माणसांचा कृमी आणि गुरांचा कृमी ही भिंत आपण मानतो तितकी पक्की नाही, एवढे त्यातून दिसले.

पट्टकृमींत गोष्ट उलटी आहे. तिथे एकाचे अनेक होत चालले. १९९३ मध्ये कोरियन शास्त्रज्ञांनी टीनिया एशियाटिका ही डुकराच्या यकृतातून येणारी जात वेगळी काढली. दिसायला ती गोमांसातल्या पट्टकृमीसारखी आहे, म्हणून काहींनी तिला उपजातीचाच दर्जा दिला. पुढे दोघांचे संकरही मिळाले. हायडॅटिड रोगाचा एकिनोकॉकस ग्रॅन्युलोसस आधी जी१ ते जी१० अशा जनुकप्रकारांत विभागला गेला आणि मग त्यांतल्या काहींना जातींची नावे मिळाली. जी६ ते जी१० यांच्या किती जाती करायच्या यावर अजून एकमत नाही. महाराष्ट्रातल्या म्हशींत आणि गुरांत जी३ हा म्हशींशी जोडलेला प्रकार जास्त आढळतो. मेंढीच्या प्रकारावर बेतलेली पुस्तकी माहिती आपल्या कत्तलखान्यांना जशीच्या तशी लावता येत नाही, ती यामुळे.

या शाखेतला सर्वांत मनोरंजक निष्कर्ष होबर्ग आणि सहकाऱ्यांचा, २००१ मधला. टीनियाच्या वंशावळीवरून त्यांनी दाखवले की माणसाचे पट्टकृमी पशुपालनाच्या कितीतरी आधीचे, आफ्रिकेतल्या शिकारी काळातले असावेत. म्हणजे गाई-डुकरांनी आपल्याला पट्टकृमी दिले नाहीत. आपण ते त्यांना दिले.

मोजणी आणि मोजणारे

पृष्ठवंशीय प्राण्यांतल्या कृमींच्या एकूण जाती किती? २००८ च्या एका अंदाजात ७५,००० ते ३,००,००० हा पल्ला होता; २०२० च्या दुसऱ्या अंदाजात १,००,००० ते ३,५०,०००, आणि त्यांतल्या ८५ ते ९५ टक्क्यांना नावच नाही. दुसरीकडे २०१९ मध्ये ८१ कृमींच्या जीनोमची एकत्र तुलना प्रसिद्ध झाली. थोड्यांबद्दल अफाट माहिती आणि बाकीच्यांबद्दल नावसुद्धा नाही, असे हे चित्र आहे. जनुकांच्या क्रमावरून जात ठरवावी असे एका गटाचे म्हणणे, कारण एकसारख्या दिसणाऱ्या जाती त्याशिवाय सुटत नाहीत. दुसरा गट आग्रह धरतो की जतन केलेला नमुना आणि रचनेचे वर्णन नसेल तर नुसता क्रम हा हवेतला दावा आहे. सार्वजनिक साठ्यांत चुकीच्या नावाने चढवलेले क्रम आहेत आणि ते पुढच्या चुकांचे मूळ ठरतात. दोन्ही हवेत, हे कागदावर सगळे मान्य करतात. प्रत्यक्षात सूक्ष्मदर्शकावर बसून पट्टकृमीचे डोके ओळखू शकणारी माणसे कमी होत आहेत.

अंकुशकृमीच्या बाबतीत याचा हिशोब थेट सार्वजनिक आरोग्यात चुकवावा लागतो. १९११ मध्ये लूसने अँकायलोस्टोमा सिलॅनिकम ही जात वर्णिली. १९१३ मध्ये क्लेटन लेनने बंगालात ती माणसांत दाखवली, पण पुढे ती ब्राझीलियन्स या जातीचीच दुसरी प्रत मानली गेली. १९५१ मध्ये बिओकाने दोन्ही पुन्हा वेगळ्या केल्या. मधली चार दशके तिच्याबद्दलचा पुरावा दुसऱ्याच नावाखाली जमा होत होता. आज ती कुत्र्या-मांजरांत राहणारी आणि आशियात माणसांत मोठ्या प्रमाणावर आढळणारी जात म्हणून ओळखली जाते. नेहमीच्या सर्वेक्षणात मात्र विष्ठेतली अंडी मोजतात, आणि सर्व अंकुशकृमींची अंडी सारखीच दिसतात. ज्या गावात मुलांच्या पोटातले अंकुशकृमी कुत्र्यांकडूनही येत असतील, तिथे शाळेतल्या गोळीने अंड्यांचा आकडा खाली जाईल, आणि पुढच्या पावसाळ्यापर्यंत पुन्हा वर येईल. हे कुठे घडते आणि कुठे नाही, हे विष्ठेच्या नमुन्यातल्या डीएनएवरून जाती वेगळ्या केल्याशिवाय सांगता येत नाही. तशी तपासणी जिल्हा पातळीवर नेहमीची व्हावी की संशोधनापुरती राहावी, यावर खर्चाच्या बाजूने आणि उपयोगाच्या बाजूने मतभेद आहेत. स्ट्रॉंगिलॉइडिसची भर पडल्यावर ते आणखी वाढतील, कारण त्याला अल्बेंडाझोल नव्हे, आयव्हरमेक्टिन लागते, आणि त्याची अंडी नेहमीच्या मोजणीत सापडतच नाहीत.